ताब्यापुरता संसार

सकाळचा स्वयंपाक आटोपून थोरली जाऊ आपलीच भांडी टोपलीत भरून मागच्या दाराने निघाली. दोन ताटं, पातेली, नवऱ्याचा सदरा, वाळत घालायला ओले टॉवेल. शेजारच्या खोलीत संसार मांडायचा होता, आणि तो दुपारपर्यंत जुना दिसायला हवा होता.

खोली आणि भोवतालची जागा धाकट्या जावेची. धाकट्या दिराने स्वतःच्या कमाईने घेतलेली. तो गेल्यावर धाकटी तिथेच राहून रोपं विकत होती. पण विधवेच्या नावावर जमीन कशाला, ती घराण्याची, असं थोरलीच्या नवऱ्याचं म्हणणं. खालच्या कोर्टाने मालकी आणि ताबा दोन्ही धाकटीचे ठरवले, तसं त्याने अपील ठोकलं. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, पण छापखाना चालवणाऱ्या या गृहस्थाने आपलं शहाणपण वकिलाकडे गहाण ठेवलं होतं. वकील म्हणाला होता, "अपिलात जिंकायलाच हवं असं नाही. एकटी बाई आहे, थकेल."

बाई थकेना. मग ती आजारी आईकडे गेली असताना याने तिचं कुलूप तोडून आपलं लावलं. परत येऊन ती शेजाऱ्यांच्या ओसरीवर निजू लागली आणि कोर्टात अर्ज केला. आज ताबा कोणाचा हे पाहायला कोर्टाने नेमलेला कमिशनर येणार होता. थोरलीने हे सगळं बघून मूग गिळले होते. आपल्याला काय कळतं कोर्टातलं, अशी ती मनाची समजूत घाली. खरं तर तिला सगळं कळत होतं.

कमिशनर आला. धाकटी फाटकापाशी उभी राहिली. नवऱ्याने दोरीवरचे टॉवेल, खुंटीवरचा सदरा दाखवला आणि बायकोला म्हणाला, "अगं, साहेबांना चहा ठेव."

थोरली शेगडीपाशी गेली. पातेलं ठेवून तिने बटणाला हात लावला.

"जाऊबाई, ते नको," धाकटी फाटकातून म्हणाली. "डावं बिघडलंय, भडका उडतो. उजवं लावा."

थोरलीचा हात तिथेच थांबला. ज्या बाईला तिने घराबाहेर काढू दिलं होतं, तीच तिचा हात भाजू नये म्हणून बोलली होती. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

नवरा हसत म्हणाला, "येऊन जाऊन असते ना आमच्याकडे, म्हणून ठाऊक."

कमिशनर थोरलीकडे वळला. "बाई, तुम्ही सांगा. इथे कोण राहतं?"

नवरा डोळे वटारून बघत होता. आता 'आम्ही' एवढंच म्हणायचं होतं. उभा जन्म तिने त्याच्या हो ला हो म्हटलं होतं.

"ती राहते," थोरली म्हणाली. "शेगडी तिची. ही भांडी मी आज सकाळी आणली. कुलूप यांनी तोडलं, तेव्हा मी आमच्या खिडकीत उभी होते."

"डोकं फिरलंय हिचं," नवरा म्हणाला.

"लिहून घ्या साहेब, मी सही करते."

सही झाली. कमिशनर गेल्यावर नवरा दातओठ खात म्हणाला, "याच्यावर वरचं कोर्ट आहे. आणि तू घरी ये, मग बघतो."

"जा खुशाल वरच्या कोर्टात. आम्ही दोघी येऊ."

तो पाय आपटत निघून गेला. धाकटी आत आली, दोरीवरचे टॉवेल काढून घडी करू लागली. थोरलीला तिच्याकडे बघवेना.

"ओसरीवर झोपत होतीस," ती खाली मान घालून म्हणाली. "मी खिडकी लावून घेत होते गं. तू दिसू नयेस म्हणून."

धाकटीने घडी केलेले टॉवेल तिच्या टोपलीत ठेवले. "ठाऊक आहे जाऊबाई," ती म्हणाली. "आवाज यायचा."