खालची मेणबत्ती

ओग्न्येनची बेलग्रेडमधली नटगिरी म्हणजे कधी वेटर, कधी पोलीस, नाहीतर सरळ प्रेत! कुणी धड काम देईना, तेव्हा गड्याने स्वतःच सिनेमा लिहिला आणि त्यात स्वतःच्याच बापाचं काम केलं. लोकांनी तो सिनेमा डोक्यावर घेतला. परवा टीव्हीवरही लागला. आता आईच्या तोंडून एक शाब्बास ऐकायची, एवढ्यासाठी तो रविवारी ड्रिना नदीकाठच्या गावी आला.

आई चर्चमध्ये होती. दाराशी मेणबत्त्या विकणाऱ्या विदोसावाकाकूने त्याला पाहताच तोंड सोडलं, "मेल्या, परवा टीव्हीवर मरून आम्हा बायकांना रडरड रडवलंस, आणि आज हा असा धडधाकट हिंडतोस होय!"

तो हसत आत गेला आणि जागच्या जागी थिजला.

आत मेणबत्त्या लावायच्या दोन जागा. वरची जिवंतांसाठी, खालची गेलेल्यांसाठी. बाप राडोये युद्धावर गेला तो परतलाच नाही. ना प्रेत सापडलं, ना खबर आली. गावाने समजावलं, धर्मगुरूंनी समजावलं, पण त्याची आई स्तानोय्काबाई कुणाला बधली नाही. नवऱ्याची मेणबत्ती दर रविवारी वरच लागायची. त्याचा कोट अजून दाराआड खुंटीला होता. त्या आशेवरच तर बाई उभी होती!

आणि आज ती वाकून खाली मेणबत्ती रोवत होती.

"आई! ही कुणाची?"

"तुझ्या बाबांची."

"अगं, काही कळलं का त्यांचं?"

"तूच तर दाखवलंस. नदी ओलांडताना गोळी लागली, वाहून गेले."

"आई, ते मी रचलं गं! सिनेमाला शेवट हवा होता म्हणून! मला काय ठाऊक?"

"का? त्यांचं चालणं तुला ठाऊक. टोपी मागे सारणं ठाऊक. शिंकायच्या आधी नाक चोळणं ठाऊक. ते गेले तेव्हा एवढासा होतास, कुणी शिकवलं? ते सगळं खरं, आणि मरण तेवढं खोटं होय?"

अरे देवा, हे काय करून बसलो आपण! ती मेणबत्ती उपटून वर लावायला त्याचा हात पुढे झाला. आईने मनगट धरलं.

"राहू दे. दमले रे मी वाट बघून."

मग तिने हळूच विचारलं, "एकच सांग. हिवाळा होता ना... पाणी फार गार होतं का रे?"

त्याला शूटिंग आठवलं. स्टुडिओतला हौद. नट गारठू नयेत म्हणून सकाळपासून तापवलेला.

"नाही गं आई," तो कसाबसा म्हणाला. "कोमट होतं."

"बरं झालं," डोक्याचा रुमाल पदरासारखा तोंडाशी धरून ती म्हणाली. "त्यांना गार पाणी मुळीच सोसायचं नाही."