पुठ्ठ्यावरची उमेदवारी

साहेबांना दोन मुलं. धाकट्याला त्यांनी राजकारण दिलं आणि थोरलीला समाजसेवा. वाटणीवरून कुणी तोंड वाकडं केलं नाही, कारण कुणाला विचारलंच नव्हतं. कॉलेज संपतं न संपतं तोच थोरलीच्या हातात एका संस्थेच्या किल्ल्या आल्या आणि त्या दिवसापासून ती अख्ख्या मतदारसंघाची ताई झाली. संस्थेला नाव आजीचं, पैसा साहेबांच्या ओळखीतल्या कारखानदारांचा. काम काय करायचं ते ताईंनी बघावं, असं ठरलं. ताईंनी बघितलं. त्यांनी शिवणयंत्रं वाटली, चष्मे वाटले, दप्तरं वाटली. वाटायला काही सुचेना तेव्हा झाडांची रोपं वाटली, आणि ज्यांना राहायला धड घर नव्हतं त्यांनीही ती मुकाट्याने घेतली.

देण्याची ताईंची एक पद्धत होती. वस्तू समोरच्याच्या हातात ठेवायची, पण सोडायची नाही. फोटोग्राफरने मान हलवली की मगच सोडायची. नवख्याला हे ठाऊक नसे. तो भाबडेपणाने ओढू लागे, ताई हसतमुखाने धरून ठेवत, आणि मंचावर घटकाभर रस्सीखेच चाले. एका आजोबांनी तर चष्म्याची डबी अशी हिसकली की ताई त्यांच्या अंगावर पडता पडता राहिल्या. तेव्हापासून संस्थेचे व्यवस्थापक घेणाऱ्यांची आधी तालीम घेऊ लागले. ‘‘ओढायचं नाही. ताई देणार आहेत. पळून जात नाहीयेत त्या.’’

देणगी मोठी असली की तिचा पुठ्ठा व्हायचा. दाराएवढ्या पुठ्ठ्यावर ठळक अक्षरांत सगळं छापायचं, वर कापड टाकायचं, टाळ्यांत कापड ओढायचं. कार्यक्रम झाला की पुठ्ठे संस्थेच्या मागच्या खोलीत जात आणि त्यांच्या आडोशाला शिपाई दुपारची डुलकी काढत. भाषणाचा शेवटही ठरलेला असे. ‘‘मला स्वतःसाठी काही नको,’’ असं ताई किंचित ओल्या आवाजात म्हणत आणि पुढच्या रांगेतल्या बायका डोळ्यांना पदर लावत. इतकी वर्षं म्हटल्यावर ते ताईंनाही खरं वाटू लागलं होतं.

पण पन्नाशी आली आणि ताईंना काहीतरी हवंसं झालं. तेही साधंसुधं नाही, चक्क उमेदवारी. साहेब थकले होते, या वेळी उभे राहणार नव्हते. जागा रिकामी होत होती. धाकटा चाळिशी ओलांडून गेला तरी घरीदारी छोटूच होता. सभेत तो पहिल्या भाषणाला घड्याळ बघायचा आणि दुसऱ्याला पेंगायचा. ताईंना मात्र मतदारसंघातली गल्ली न् गल्ली माहीत होती. कुणाचा नवरा पितो, कुठल्या शाळेला छप्पर नाही, कुठल्या दवाखान्यात डॉक्टर फक्त पाटीवर आहे, सगळं तोंडपाठ. टिंगल बाजूला ठेवून सांगायचं तर उमेदवारी त्यांनाच मिळायला हवी होती.

एके दिवशी नाश्त्याच्या टेबलाशी त्यांनी धीर केला.

‘‘बाबा, तुमच्या जागेचं काय ठरवताय?’’

‘‘ठरेल की.’’ साहेब टोस्टला लोणी लावत होते.

‘‘नाही, मी काय म्हणते...’’

‘‘तू म्हणायला कशाला हवं? तुझं मन मला कळत नाही का गं?’’ साहेबांनी सुरी खाली ठेवून लेकीच्या डोक्यावर थोपटलं. ‘‘संस्थेच्या वर्धापनदिनाला जाहीर करू. तुझ्याच मंचावर.’’

बापाच्या तोंडून आयुष्यात पहिल्यांदा इतकं गोड काही ऐकून ताई हरखून गेल्या. त्या तडक संस्थेत गेल्या आणि व्यवस्थापकांना म्हणाल्या, ‘‘पुठ्ठा करायला टाका. नेहमीपेक्षा मोठा.’’

‘‘नाव काय घालू, ताई?’’

आता इथे सरळ आपलं नाव सांगावं की नाही? पण ताई पडल्या विनयशील. ‘‘नावाची जागा कोरी ठेवा. ते साहेबांच्या ऑफिसातून भरून येईल. मला बाई संकोच वाटतो,’’ म्हणाल्या आणि चक्क लाजल्या.

मग त्यांनी भाषण तयार केलं. नेहमीचा शेवट काढून टाकला. आरशासमोर उभं राहून ‘‘मला हवं आहे’’ असं म्हणायचा सराव सुरू केला, तर शब्द घशातच अडकायचे. चार-पाच दिवस घासल्यावर कुठे ते धड बाहेर पडू लागले.

वर्धापनदिनाला सभागृह तुडुंब भरलं. पुढच्या रांगांत शिवणवर्गाच्या बायका, मागे कार्यकर्ते, मंचावर साहेब, छोटू आणि ताई. साहेब बोलायला उभे राहिले. ‘‘माझ्या लेकीने आयुष्यभर दुसऱ्यांना दिलं,’’ ते म्हणाले. ताईंनी नजर खाली केली. ‘‘स्वतःसाठी कधी काही मागितलं नाही. आज ती आपल्या आयुष्यातलं सगळ्यात मोठं दान करणार आहे.’’

दान म्हटल्यावर ताईंनी चमकून वर पाहिलं. तेवढ्यात कापड सरकलं. पुठ्ठ्यावर छोटूचं नाव होतं, अगदी बापाच्या नावासकट. ताईंनी वेड्यासारखं ते खालपर्यंत वाचत नेलं, कुठे आपलंही असेल म्हणून. होतं. तळाशी, बारीक अक्षरांत, ‘सौजन्य’ या शब्दापुढे.

व्यवस्थापकांनी सवयीने पुठ्ठ्याची एक बाजू त्यांच्या हातात दिली. दुसरी छोटूने धरली. ताई सवयीने हसल्या. फ्लॅश उडाला, फोटोग्राफरने मान हलवली. ताईंनी पुठ्ठा सोडला नाही.

फोटोग्राफरने पुन्हा मान हलवली. मग जरा जोरात हलवली. छोटूने ओढून पाहिलं.

‘‘ताई, सोड ना. लोक बघतायत.’’

‘‘बघू देत.’’

पुठ्ठा मधोमध वाकू लागला. ताईंनी एका हाताने तो तसाच धरला आणि दुसऱ्या हाताने निवेदकासमोरचा माइक ओढून घेतला. घासून ठेवलेलं वाक्य त्या स्पष्ट आवाजात बोलल्या. ‘‘ही उमेदवारी मला हवी आहे.’’

साहेबांच्या कपाळावर आठी उमटली. पण निवेदक मुरलेला होता, साहेबांचं मीठ खाल्लेला होता. त्याने हळूच माइक परत घेतला आणि गहिवरून म्हणाला, ‘‘ऐकलंत? ताई म्हणतायत, ही उमेदवारी मला हवी आहे, माझ्या भावासाठी हवी आहे, आणि तुम्हा सगळ्यांच्या आशीर्वादाने हवी आहे.’’

टाळ्यांनी छत खाली येतंय की काय असं झालं. शिवणवर्गाच्या बायका हुंदके देऊ लागल्या. ‘नाही, तसं नाही’ असं ताईंना ओरडून सांगायचं होतं. पण इतक्या टाळ्या त्यांच्या रोपांना आणि चष्म्यांना मिळून कधी पडल्या नव्हत्या. हात कधी सुटला ते त्यांना कळलंही नाही.

सकाळी मात्र त्या तावातावाने खाली आल्या. आज बापाला दोन शब्द सुनवायचेच, असं ठरवून आल्या होत्या. साहेब आणि छोटू नाश्ता करत होते. ताईंनी तोंड उघडायच्या आत साहेबांनी वर्तमानपत्र पुढे सरकवलं. पहिल्या पानावर ताईंचा फोटो होता आणि वर भलामोठा मथळा, ‘भावासाठी बहिणीचा त्याग’. ताईंनी उभ्या उभ्या वाचलं. मग खुर्ची ओढून बसल्या आणि परत वाचलं. लेख खरंच सुंदर होता.

फोन खणखणू लागला. पहिल्या बाईंना ताई म्हणाल्या, ‘‘काय बोलू, काही सुचत नाही हो.’’ हे खरं होतं. दुसऱ्या बाईंना म्हणाल्या, ‘‘अहो, त्याग कसला, कर्तव्यच ते.’’ तिसऱ्या बाईंचा फोन येईपर्यंत आवाजाला सूर सापडला होता. ‘‘बाबा तर मलाच देत होते. अगदी मागे लागले होते. मीच म्हटलं, छोटूला द्या.’’

छोटूचा घास हातातच राहिला. ताईंनी फोन ठेवल्यावर त्याने बापाकडे पाहिलं. बिचाऱ्याला खरोखर लागलं होतं.

‘‘बाबा, तुम्ही आधी ताईला देणार होतात?’’

साहेबांनी ताईंकडे पाहिलं. ताईंनी नजर चुकवली नाही; एका शब्दात आपलं पितळ उघडं पडणार, हे त्यांना कळत होतं. साहेबांनी चहाचा घोट घेतला.

‘‘हो,’’ ते म्हणाले. ‘‘हिलाच देत होतो.’’

पन्नास वर्षांत बापाने ताईंना हवं होतं ते पहिल्यांदाच दिलं होतं, आणि ते धडधडीत खोटं होतं. ताईंचे डोळे भरून आले. ‘‘थँक यू, बाबा,’’ त्या अगदी हळू म्हणाल्या आणि त्यांनी पुढचा फोन घेतला.