शेवटचं घमेलं

जिन्यात एक बॅग, चेन अर्धी उघडी.

खाली गाडीचा हॉर्न. एकदाच, आखूड.

भिंतीला लावायच्या पुट्टीच्या एका थराला हात म्हणतात. पहिला हात, दुसरा हात.

खिडकीला अजून काच नाही.

बायकोच्या भुवईवर पांढरी पूड.

"एवढं घमेलं संपेपर्यंत थांब," तो म्हणाला. "या भिंतीचा दुसरा हात राहिलाय. बल्ब धरायला कोणीतरी हवं."

ती भिंतीकडे बघत राहिली.

"दादा खाली ताटकळलाय. एवढंच घमेलं. मग मी निघाले, ती कायमची."

तिने वायरचा बल्ब भिंतीलगत धरला. तिरप्या उजेडात खड्डा न् खड्डा दिसतो. तो पत्र्याची पट्टी ओढत गेला, खालून वर, कागदाइतका पातळ थर.

"तिथे उंचवटा आहे."

"बघा! बायको सोडून चाललीय आणि ह्यांना उंचवटा दिसतोय."

"अगं, दिसतोय म्हणून..."

"भिंतीवरून जेवढा हात फिरवलात ना, तेवढं माझ्याशी बोलला असतात, तर मीही गुळगुळीत झाले असते."

त्याला हसू आलं. तिलाही. मग पट्टीची खरखर तेवढी राहिली. त्याने दोनदा तोंड उघडलं आणि दोनदा खांद्याला हनुवटी पुसली.

घमेल्याच्या तळाशी मूठभर पुट्टी उरली, आवळत, घट्ट होत आलेली. त्याने मगातलं पाणी तिच्यात ओतलं, कालवलं.

ही चूक तो कोणाला करू द्यायचा नाही. आवळलेल्या पुट्टीत पाणी घातलं की ती भिंत धरत नाही, पोपडे होऊन गळते. याच चुकीवरून त्याने लग्नानंतर तिला भर कामावर रडवलं होतं.

तिने पाण्याकडे पाहिलं. बल्ब या हातातून त्या हातात घेतला.

खाली पुन्हा हॉर्न. त्याने पुन्हा पाणी घातलं. आता पुट्टी ताकासारखी झाली, पट्टीवरून मनगटावर, मनगटावरून कोपरापर्यंत ओघळायला लागली. तो लावतच राहिला.

"अहो."

"हं."

"संपली."

तिने बल्ब जमिनीवर ठेवला. ती जिना उतरून गेली तरी तो रिकामी पट्टी भिंतीवरून ओढत होता.

ती भिंत, दुसरा हात वाळल्यावर, तिनेच आदल्या दिवशी घासून पूर्ण केली होती.