आज पाठ वाकणार नाही

एकोणीसशे सतरा सालच्या मार्चात, महायुद्धाच्या धामधुमीत, आमच्या जर्मन बेटावरच्या तळावर मला एकच काम होतं. कमरेच्या वरपर्यंत रबरी बूट चढवायचे, समुद्रात शिरायचं आणि विमानातल्या साहेबाला पाठुंगळी घेऊन किनाऱ्यावर आणायचं. हसा खुशाल! आमची लढाऊ विमानं चाकांवर नाही, दोन लाकडी होड्यांवर उतरायची. वैमानिकाचे बूट भिजले की पुढच्या खेपेला वर आभाळात त्याचे पाय गोठायचे. म्हणून आम्ही घोडे. शलगमाचं पाणी पिऊन जगणारे घोडे, आणि स्वार लोणी खाऊन आलेले.

एकाच स्वाराचं मला ओझं वाटायचं नाही, आइलर्टचं. माझ्याच गावच्या कोळ्याचा पोर, खलाशातून वर चढलेला. पाठीवर बसला की कानाशी म्हणायचा, "ओक्को, नीट चाल रे, नाहीतर खाटकाला विकीन तुला."

त्या दुपारी दोन विमानं गेली आणि एकच आलं. लेफ्टनंट फॉन डॉर्नाऊचं. मी आणि माझ्यासारखाच दुसरा घोडा रेमर छातीभर पाण्यात जाऊन ते धरून उभे राहिलो.

"आइलर्ट कुठंय, साहेब?" मी विचारलं.

"इंजिन बंद पडलं त्याचं. वाळूच्या दांड्यापलीकडे पाण्यात आहे."

"आणि तुम्ही उतरला नाहीत?"

आमच्यात हुकूम नव्हता, पण रीत होती. सोबती पाण्यात पडला की दुसऱ्यानं खाली उतरायचं. चाकवाल्यांना ते जमत नाही, आपल्याला जमतं, मग उतरायचंच.

"लाटा होत्या. माझं विमान एकाच माणसाचं. बोट जाईल," तो म्हणाला आणि पाय बाहेर काढून बसला. "चल, वाक."

बोट! ओहोटी लागलेली, तळाची बोट बंदरात चिखलात रुतून बसलेली. तिला पाणी मिळेपर्यंत आइलर्टचं मढंच हाती आलं असतं. माझ्या डोक्यात तिडीक गेली.

"आज पाठ वाकणार नाही, साहेब."

"काय म्हणालास?"

"बहिरे झालात का? आइलर्टला आणा, मग बोला."

"कोर्ट मार्शल करीन तुझं!"

"करा की! त्यासाठी आधी किनाऱ्यावर यावं लागेल."

तो रेमरकडे वळला. रेमर एरवी मेंढरासारखा गरीब. पण तोही पाठ न देता किनाऱ्याकडे गेला आणि खांद्यावर पेट्रोलचा डबा घेऊन परत आला. मग बाकीचे घोडेही पाण्यात उतरले, आणि सगळ्यांनी मिळून विमानाचं तोंड समुद्राकडे फिरवलं. फॉन डॉर्नाऊनं काळ्या, बर्फगार पाण्याकडे बघितलं. किनाऱ्यावर जमलेल्या अख्ख्या तळाकडे बघितलं. तो कशाला जास्त भ्याला, देव जाणे. पाय आत घेऊन तो ओरडला, "फिरव हँडल, हरामखोरा!"

मी होडीवर चढून इंजिन चालू केलं.

दिवेलागणीला विमान आलं, उडत नव्हे, पाण्यावरून रांगत. आइलर्ट एका होडीवर पालथा, पट्ट्यानं बांधलेला, ओठ निळे. पण जिवंत होता! मी रडत होतो, आणि त्याची लाज मला तेव्हाही नव्हती. मी त्याला सोडवलं आणि पाठीवर घेतलं. मागून साहेब हाका मारत राहिला, पण एकही पाठ त्याच्याकडे गेली नाही. शेवटी उतरला बिचारा पाण्यात, आपल्या पायांनी.

वाळूवर येताच दात वाजवत तो म्हणाला, "अटक करा याला."

दोन बंदूकवाले पुढे झाले. "थांबा," मी म्हटलं, "आधी याला खाली ठेवू द्या."

पण आइलर्टनं माझ्या गळ्याभोवतीची मिठी सोडलीच नाही.

"मी उतरत नाही," तो कुडकुडत म्हणाला. "न्यायचंय तर दोघांना न्या."