भिंतींच्या पाठीवरचे आकडे

"आकडे घालू नकोस, डेलबर्ट," लोरेन दारातूनच म्हणाली.

शिडीवरच्या डेलबर्टचा हात थबकला. राजवाड्याच्या पहिल्या भिंतीच्या पाठीवर त्याने नुकताच खडूने एकचा आकडा लिहिला होता. नेपथ्य उतरवताना लाकडी भिंतींना असे आकडे घालायचे, म्हणजे पुढच्या चित्रपटात त्या पुन्हा जुळवता येतात. चॅट्सवर्थ उपनगरातल्या या गोदामात एकतीस वर्षं तो हेच करत आला होता. चित्रपट प्रौढांसाठीचे, पण त्यांत गोष्ट असे, पोशाख असत, तीन तीन कॅमेरे असत. याच भिंती कधी जहाज झाल्या होत्या, कधी रोमन स्नानगृह.

"मग पुढच्या वेळी जुळवायच्या कशा?"

लोरेन निर्मितीचं सगळं बघायची. एरवी तिचं तोंड थांबत नसे. आज ती चष्मा पुसत एवढंच म्हणाली,

"दुकानं डीव्हीडी मागवतच नाहीत. लोक घरबसल्या फुकट बघतात, तेही दहा मिनिटं. मालकांना आता भाड्याचं घर नि एक सोफा पुरतो."

"घराला भिंती लागतातच की."

"त्या असतातच रे, डेल."

वाळवंटाकडून आलेला गरम वारा पत्र्यावर आपटत होता. सकाळपासून दाराशी लोखंडी कचरापेटी उभी होती, ट्रकएवढी. शेजारच्या कारखान्याची असेल, असं तो धरून चालला होता.

"चारला ती पेटी न्यायला गाडी येईल," एवढं बोलून लोरेन गेली.

"मला सकाळीच कळलं होतं," रंगारी रूबेन म्हणाला.

"मग बोलला का नाहीस?"

"तू डोनट खात होतास. म्हटलं, खाऊन घेऊ दे म्हाताऱ्याला."

रूबेनने घण उचलला. डेलबर्टने तो त्याच्या हातातून काढून घेतला आणि कोपऱ्यात टेकवून ठेवला.

"स्क्रू काढायचे. एकेक."

"कचऱ्यात टाकायच्यात, बाबा."

"माहीत आहे."

रूबेनने कपाळावरचा घाम पुसला आणि निमूट दुसरी शिडी लावली.

चारला गाडी आली तेव्हा पेटीत सव्वीस भिंती एकीवर एक नीट रचलेल्या होत्या. प्रत्येकीच्या पाठीवर आकडा होता. चालक आत डोकावला.

"हे परत कुठे उभारायचंय का?"

डेलबर्टने उरलेला खडू शर्टाच्या खिशात ठेवला.

"सावकाश न्या," तो म्हणाला. "क्रम मोडू नका."