एकसष्टांतली सात

इनास मेस्ताची वही गोकुळदास मास्तरांनी आठ दिवसांच्या बोलीवर आणली आणि अकरा महिने ठेवली. त्यांतले शेवटचे पाच महिने त्यांच्या घरात पाव शिरला नाही. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काय संबंध, हे त्यांच्या बायकोला, सुमंगलाबाईंना, कळत नव्हतं. मास्तरांना चांगलं कळत होतं. म्हणून तर सकाळी पोदेराचा भोंपू वाजला की ते न्हाणीघरात जाऊन कडी लावायचे. सायकलवरून पाव, म्हणजे गोल उंडे, विकणारा सांतान हा मेस्ताचा सख्खा भाचा होता.

"डॉक्टरान माका उंडे बंद केल्यानी," मास्तर बायकोला म्हणाले होते.

"खंयच्या डॉक्टरान?"

"म्हापश्याच्या."

"तुमी म्हापश्याक कधी गेल्यात?"

मास्तरांनी भाकरीचं ताट पुढे ओढलं.

मास्तर अभ्यासक झाले ते निवृत्त झाल्यावर. मराठी शाळेत तीस वर्षं शिकवून घरी बसले, तेव्हा ध्यानात आलं की तालुक्यातले बरेचसे विषय आधीच गेले आहेत. देवळं एकाने घेतली होती. हळर्णचा किल्ला मराठी मंडळाच्या बाबलीने घेतला होता. तो दर रविवारी पडक्या तटावर बसून शेंगदाणे खायचा आणि त्याला संशोधन म्हणायचा. उरला ख्रिस्ती वारसा. तिथे स्पर्धा नव्हती, म्हणून मास्तरांनी तो धरला, आणि मग त्यानेच मास्तरांना धरलं. ते वाड्यावाड्यावरचे खुरीस, म्हणजे क्रूस, मोजत हिंडले, थडग्यांवरची नावं उतरवून घेतली, लदिनीला, म्हणजे खुरसापुढच्या सामूहिक प्रार्थनेला, कोपऱ्यात उभं राहून चणे खात प्रार्थना टिपून घेतल्या. एका गळ्यातून एकाच संध्याकाळी लातिन, पोर्तुगीज, कोंकणी आणि जुनी मराठी निघते, हे ऐकून त्यांच्या अंगावर काटा आला होता. हे खरं होतं. पुढचं सगळं जड झालं ते त्यामुळेच.

मांद्र्याच्या एका वाड्यावर इनास मेस्त राहायचा. मेस्त म्हणजे गाणी शिकवणारा. वाड्यावरच्या प्रत्येक लदिनीला त्याचा रेबेक, म्हणजे व्हायोलिन, आधी बोलायचा आणि मग माणसं. त्याने आज्याची काळ्या पुठ्ठ्याची वही मास्तरांच्या हाती दिली. रोमी अक्षरांत एकसष्ट गाणी. चौदा लातिन-पोर्तुगीज, चाळीस कोंकणी, सात मराठी. ती सात ख्रिस्ताच्या दुःखाची, उपासाच्या दिवसांत म्हणायची.

"सगळीं वाचा मरे," मेस्त म्हणाला होता. "कोंकणी माझ्या आवयची. मराठी आमका अर्धी कळना, पण रडूक सगळी येता."

ते सालही असं होतं, की माणसं मराठी-कोंकणीच्या वादावरून एकमेकांच्या घरचा चहा सोडत होती. डिसेंबरात पेडण्याला मराठीची सभा झाली. मास्तर बोलायला उभे राहिले, काळी वही वर धरली आणि सात गाणी खड्या आवाजात वाचली. टाळ्या पडल्या. टाळ्यांनी माणसाचं काय होतं हे तीस वर्षं वर्गात उभं राहिलेल्यालाही ठाऊक नसतं, कारण वर्गात त्या पडत नाहीत. मास्तर म्हणाले, "ख्रिस्ती बांधवांच्या प्रार्थनेची भाषा मराठीच! दुसरी नाही! हे मला खुद्द इनास मेस्तांनी सांगितलं!"

दुसऱ्या दिवशी पेपरात मेस्ताचं नाव मास्तरांच्या नावापेक्षा मोठ्या टाइपात आलं.

पंधरा दिवसांत बातमी आली. वाड्यावर मेस्ताला 'तांचो माणूस', मराठीवाल्यांचा, म्हणायला लागले होते. नाताळात त्याला कोणी बोलावलं नाही. लदिनी रेबेकाशिवाय होऊ लागल्या.

मास्तरांनी खुलासा लिहायला घेतला. पहिल्या खर्ड्यात त्यांनी लिहिलं, 'प्रस्तुत अभ्यासकाच्या विवेचनात किंचित अपुरेपणा राहिला असण्याची शक्यता नाकारता येत नाही.' वाचून त्यांनाच कळेना की चूक कोणाची. दुसऱ्या खर्ड्यात ती छापखान्याची निघाली. तिसरा त्यांनी सुरू केला तोच बाबली बातमी घेऊन आला: गोवा राज्य होतंय, तीस मेच्या समारंभाला मंडळ मास्तरांचं पुस्तक काढणार. ख्रिस्ती वारशावरचं, सात गाण्यांसकट. मास्तरांचं हे पहिलं पुस्तक. साठी उलटलेली, तेव्हा बहुधा शेवटचंही. तिसरा खर्डा अर्ध्यावर राहिला.

मे महिन्याच्या सुरुवातीला खुरसाचं फेस्त, म्हणजे वाड्याचा उत्सव, आलं. त्या दुपारी मास्तर वही पिशवीत घालून मेस्ताच्या घरी गेले. बेत साधा होता: वही द्यायची, पाणी प्यायचं, निघायचं.

मेस्त बल्कांवात, दारापुढच्या ओट्यावर, बसला होता. उठला, खुर्ची पुसली, आत कॉफी सांगितली. शिवी दिली असती तर मास्तरांना बरं वाटलं असतं.

"सगळीं वाचलात?"

"सगळी."

"मग थंय सभेत सातच कशीं?"

"वेळ कमी होता, मेस्त."

"तां खरां," मेस्त मान हलवून म्हणाला. "आमकाय वेळ कमीच आसता. पण उपासांतली खुरसाची वाट चवदा ठिकाणांची, दर ठिकाणार प्रार्थना. आमी सात करून घरा येणां नाय."

मास्तरांनी कप खाली ठेवला. ते घाईने म्हणाले, "मी पेपरात पत्र घालतंय. खर्डो तयार आसा."

"माझ्या वाड्यार तुमचो पेपर कोण वाचता?" मेस्ताने वही परत त्यांच्या मांडीवर ठेवली. "ही लोकांमुखार वर केल्लात. सांजेक लोक खुरसाकडे येतले. थंयच खाली करा."

संध्याकाळी खुरसाला झेंडूची माळ, मेणबत्त्या, पताका. लदिन सुरू व्हायची होती. मिंगेलबाब, वाड्यावरचा वडीलधारा, सगळं बघत होता. मेस्त सगळ्यांच्या मागे, रिकाम्या हातांनी उभा. सांतान चण्यांच्या टोपापाशी. आणि टोपाच्या दुसऱ्या बाजूला बाबली. मराठीचा कट्टर कार्यकर्ता, पण फेस्ताचे चणे त्याने वीस वर्षांत चुकवले नव्हते.

मास्तर मिंगेलबाबाची परवानगी घेऊन पुढे झाले. भाषण मनात तयार होतं. "उपस्थित बंधुभगिनींनो," त्यांनी सुरुवात केली, पण पुढे ती भाषा टिकली नाही. जन्मभर चौकात कोंकणीविरुद्ध बोलून घरी जाऊन बायकोशी ज्या बोलीत भांडले, ती तोंडात आली.

"ह्या वहीत एकसष्ट गाणी आसत," ते म्हणाले. "सभेत मी सातच वाचलंय. चाळीस कोंकणी होती. दिसली नाय, असां नाय. दिसली. मी पानां परतलंय. मेस्तान माका सगळी वाचूक सांगितल्यान होता. तां मी सांगूक नाय. लबाडी माझी आणि नाव त्याचां इलां."

टाळ्या पडल्या नाहीत.

बाबली दोन पावलं पुढे आला आणि हळूच म्हणाला, "मास्तर, ह्यां पुस्तकात घालू नकात हां."

"घालूचां नसात तर पुस्तक काढू नकात."

बाबली चावायचा थांबला. त्याने चणे टाकले नाहीत; पण मास्तरांपासून सरकून तो खुरसाच्या पलीकडे जाऊन उभा राहिला. पुस्तक गेलं, हे मास्तरांना तिथेच समजलं. समारंभाला त्यांच्याऐवजी बाबलीचा हळर्णचा किल्ला छापून निघणार.

मिंगेलबाबाने घसा साफ केला. मास्तरांकडे न बघता त्याने मागे विचारलं, "इनास, रेबेक खंय?"

"घरा."

"घरा ठेवून फेस्ताक येतत?" मिंगेलबाब असा ओरडला, जणू पाच महिने रेबेक मेस्तानेच लपवून ठेवला होता. "सांतान! सायकल काढ!"

सांतान गेला आणि आला. मेस्ताने तारा जुळवल्या. लदिनीनंतर चणे वाटताना सांतानने मास्तरांना पान दिलं, पण वाढताना बघितलं दुसरीकडे. चणे दहाच असतील. मास्तरांनी ते सावकाश खाल्ले.

दुसऱ्या दिवशी सकाळी भोंपू वाजला. मास्तर न्हाणीघराकडे वळले नाहीत. स्वतः टोपली घेऊन दारात गेले. सुमंगलाबाई चुलीपासून बघत राहिल्या.

"सहा उंडे," मास्तर म्हणाले.

सांतानने सायकल टेकवली. मागे बांधलेल्या हातऱ्यावरचं, म्हणजे मोठ्या टोपलीवरचं, फडकं उचललं. गरम उंडे काठोकाठ भरले होते. त्याने फडकं परत घातलं.

"संपले," तो म्हणाला.

मास्तरांनी हातऱ्याकडे बघितलं, सांतानकडे बघितलं. "बरां," ते म्हणाले.

"मामान निरोप दिल्यान. रोज सांजेक येवा. उरलेली चौपन्न तुमका म्हणून दाखयतलो." सांतानने टांग टाकली. "चौपन्नावें झालां काय उंडे मिळतले."

"दिसाक किती म्हणतलो तो?"

"एक."

भोंपू कोपऱ्यावर जाऊन पुन्हा वाजला. सुमंगलाबाईंनी आतून विचारलं, "काय म्हणता पोदेर?"

"डॉक्टराचांच म्हणणां," मास्तर म्हणाले, आणि रिकामी टोपली घेऊन भाकरीच्या पानावर जाऊन बसले.