छेदातलं वर्गमूळ

ओंगोलच्या पेपर तपासणी केंद्रात पंखे नुसतेच गरगरत होते. वारा म्हणून नव्हता. वसुंधराम्मांनी दहावीच्या गणिताचा एक पेपर संपवून बेरीज केली. चौतीस. पास व्हायला पस्तीस.

अक्षर मुलीचं वाटत होतं. नापास मुलीच्या घरी आधी कोण येतं, तर लग्न जमवणारा. त्यांनी पानं पुन्हा उलटली.

चौथ्या प्रश्नाशी त्या थबकल्या. एक भागिले, मूळ पाच वजा दोन. छेदातलं वर्गमूळ घालवा. पोरीने वर-खाली मूळ पाच अधिक दोनने गुणलं होतं. छेदात एक उरला, उत्तर आलं मूळ पाच अधिक दोन. चोख! आणि तेच पट्टी धरून खोडलेलं. अंशात वर्गमूळ राहिलं म्हणून धसका घेतला असणार बापडीने. पुन्हा गुणून वरचं वर्गमूळ खाली आणून बसवलं होतं. उत्तर म्हणून प्रश्नच लिहिला होता, खाली दोन रेघा मारून.

"वर्गमूळ दिसलं की हाकला!" वर्गात त्याही असंच ओरडत. कुठून हाकलायचं, ते सांगायचं राहून जाई.

"सार, हिला पायरीचा एक गुण देते."

मुख्य परीक्षक सुब्बारायुडू वाकले. "हातात लाल पेन आहे अम्मा, पुलिहोरा भात वाढायचा डाव नाही. खोडलेलं तपासायचं नसतं."

"खोडलंय ते उत्तर. गुणाकाराची पायरी शाबूत आहे. उत्तरसूचीत तिला एक गुण आहे, बघा ना."

त्यांनी पाहिलं. "आहे खरा." हिरवी सही झाली. "झालं समाधान?"

वसुंधराम्मा हसल्या, आणि मग आठवलं. सकाळी असंच एक उत्तर आलं होतं. 'प्रश्नच उतरवलाय बघा' म्हणत शेजारणीला दाखवून, वरच्या पायऱ्या न बघताच त्यांनी भोपळा दिला होता. त्या पेपरची बेरीज किती झाली, काही केल्या आठवेना.

"सार, सकाळचा माझा गठ्ठा?"

"सील झाला. खाली टेम्पोत चढतोय. का?"

"उघडायला हवा. चूक केलीय मी."

"लेखी द्यावं लागेल, अम्मा. मग पुढच्या वर्षी तुम्हाला कोणी बोलावणार नाही. कशाला अंगावर ओढून घेता?"

"कागद काढून ठेवा."

खाली टेम्पो सुरू झाल्याचा आवाज आला. टेबलाखालच्या चपला तशाच टाकून वसुंधराम्मा जिन्याकडे धावल्या.